मेयोनीजशिवाय क्रीमी सॅलड ड्रेसिंग: दही, करडईचं तेल आणि दाण्याचा कूट नेमकं काय काम करतात?

काकडी चिरली, गाजर किसलं, मोड आलेले मूग वाटीत काढले. इथपर्यंत सगळं पौष्टिक. मग फ्रिजमधून मेयोनीजची बाटली निघते, दोन मोठे चमचे वरून पडतात आणि त्या वाटीचा सगळा हिशोब बदलतो.

कसा, ते एका आकड्यातून कळतं. पारंपरिक मेयोनीजच्या दोन मोठ्या चमच्यांत साधारण २० ते २२ ग्रॅम फॅट असतं. भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेच्या हैदराबादमधल्या राष्ट्रीय पोषण संस्थेने मे २०२४ मध्ये भारतीयांसाठी आहाराच्या मार्गदर्शक सूचना प्रसिद्ध केल्या. त्यात २,००० किलोकॅलरीच्या आहारासाठी दिवसभरात २७ ग्रॅम तेल-तूप धरलं आहे. म्हणजे भाजीची फोडणी, आमटी, पोळीवरचं तूप असं सगळं मिळून जेवढं तेल-तूप धरलंय, त्यातला बराचसा वाटा दोन चमचे मेयोनीज एकटंच खाऊन टाकतं.

मग क्रीमी ड्रेसिंग खायचंच नाही का? खायचं. फक्त त्याचा क्रीमीपणा तेलाऐवजी दुसऱ्या कशातून तरी आणायचा. नांदेड-लातूरच्या स्वयंपाकघरात त्यासाठी लागणारं सामान आधीपासून आहे: दही, दाण्याचा कूट, मोहरी, लिंबू आणि करडईचं तेल. त्यातलं काय कशासाठी घालायचं, किती घालायचं आणि कुठे चुकतं, हे समजून घेऊ.

ड्रेसिंग क्रीमी होतं म्हणजे काय होतं?

तेल आणि पाणी एकत्र येत नाही, हे सगळ्यांना माहीत आहे. मेयोनीजमध्ये ते आलेलं दिसतं, कारण अंड्याच्या बलकात लेसिथिन नावाचा घटक असतो. त्याचं एक टोक तेलाला धरतं, दुसरं पाण्याला. जोरात फेटल्यावर तेलाचे अतिशय बारीक थेंब होतात आणि लेसिथिन त्यांना पुन्हा एकमेकांत मिसळू देत नाही. याला इमल्शन म्हणतात.

आता गंमत अशी की, मेयोनीज घट्ट होतं ते या थेंबांच्या गर्दीमुळे. भरलेल्या एसटीत जसं कुणाला हलता येत नाही, तसंच. थेंब इतके दाटीवाटीने बसतात की मिश्रण वाहायचं थांबतं. पारंपरिक मेयोनीजमध्ये ७० ते ८० टक्के तेल असतं ते यासाठीच. तेल कमी केलं की गर्दी कमी होते आणि मेयोनीज पातळ होतं. म्हणून कमी फॅटच्या विकतच्या मेयोनीजमध्ये घट्टपणासाठी स्टार्च आणि झँथन गमसारखे घटक घालतात.

पण घट्टपणा आणायला तेलाची गर्दी हा एकच मार्ग नाही. दही लागतं तेव्हा दुधातलं केसिन हे प्रथिन जाळीसारखं विणलं जातं आणि त्या जाळीत पाणी अडकून बसतं. दही टांगून ठेवलं की जास्तीचं पाणी गळून जातं, जाळी दाट होते आणि चक्का तयार होतो. आपण श्रीखंडाला वापरतो तोच. जिभेला हा चक्का मेयोनीजइतकाच मऊ आणि जाड लागतो. घट्टपणाचं काम इथे तेलाऐवजी प्रथिन करतं.

हलक्या क्रीमी ड्रेसिंगचं सगळं गणित या एका बदलात आहे.

कच्च्या अंड्याच्या मेयोनीजवर शेजारच्या राज्यात बंदी का आली होती?

तेल हा एक मुद्दा झाला. दुसरा त्याहून तातडीचा आहे. घरी किंवा गाड्यावर अंडं फोडून केलेल्या मेयोनीजमध्ये अंडं शिजत नाही. त्यात साल्मोनेला हा जिवाणू असेल, तर तो मरत नाही. त्यात मेयोनीज बाहेर उष्णतेत राहिलं, तर जिवाणू झपाट्याने वाढतात.

केरळने जानेवारी २०२३ मध्ये कच्च्या अंड्याच्या मेयोनीजवर बंदी घातली. हैदराबादमध्ये मोमो खाल्ल्यानंतर झालेल्या विषबाधेच्या घटनेपाठोपाठ तेलंगणा सरकारनेही ऑक्टोबर २०२४ च्या अखेरीस अशा मेयोनीजवर एक वर्षाची बंदी जाहीर केली. तमिळनाडूने एप्रिल २०२५ मध्ये तसाच एक वर्षाचा आदेश काढला.

नांदेडसाठी ही दूरची बातमी नाही. देगलूर, बिलोली, धर्माबाद, किनवट हे तालुके तेलंगणाला लागून आहेत. शिवाय नांदेड आणि लातूर दोन्ही शहरांत शिकवण्यांसाठी राज्यभरातून मुलं-मुली येऊन राहतात. 'लातूर पॅटर्न' तर सगळ्यांना माहीत आहे. वसतिगृहात किंवा खोली घेऊन राहणाऱ्या या मुलांची संध्याकाळची भूक अनेकदा सँडविच, मोमो किंवा फ्रँकीवर भागते आणि त्या प्रत्येकात मेयोनीज असतंच. एप्रिल-मे महिन्यांत इथला पारा ४० अंशांच्या वर जातो. अशा हवेत गाड्यावर दिवसभर उघडा राहिलेला मेयोनीजचा डबा हा खरा धोका आहे.

चक्क्याच्या ड्रेसिंगमध्ये कच्चं अंडं नसतं आणि दही आंबट असल्यामुळे जिवाणूंना वाढायला तितकं सोपं जात नाही. पण म्हणून ते बाहेर ठेवून चालतं, असं मात्र नाही. त्याबद्दल पुढे येईलच.

मराठवाड्यात हे आधीपासून होतं का?

'ड्रेसिंग' हा शब्द नवा आहे, कल्पना नाही. कच्च्या भाजीला चव आणि ओलावा देणारं काहीतरी लावायचं, हे काम कोशिंबीर आणि पचडी करतच आल्या आहेत. मेथीची किंवा मुळ्याची पचडी करताना दाण्याचा कूट भाजीचं सुटलेलं पाणी शोषून घेतो आणि सगळं एकत्र धरून ठेवतो. काकडीच्या कोशिंबिरीत दही आणि कूट मिळून तेच काम होतं. धपाट्यांबरोबर दही लागतंच. बिर्याणीबरोबर मिळणारी दह्याची पातळ चटणी, जी हैदराबादेत आहे तशी नांदेडातही आहे, ती म्हणजे एका परीने दह्याचं ड्रेसिंगच.

तिकडे अमेरिकेतही गोष्ट फार वेगळी नाही. तिथलं सर्वांत लोकप्रिय ड्रेसिंग म्हणजे 'रँच'. १९५० च्या दशकात कॅलिफोर्नियातल्या हिडन व्हॅली रँचवर स्टीव्ह हेन्सन यांनी ते लोकप्रिय केलं. त्यात मेयोनीजबरोबर असतं ताक, लसूण आणि हिरव्या पाल्याचा स्वाद. त्यातलं मेयोनीज बाजूला काढून ताकाच्या जागी चक्का घातला, तर जे उरतं ते आपल्या ओळखीचंच आहे.

मराठवाड्याची आणखी एक सवय इथे कामाला येते. भाकरीबरोबर चटणी घेतली की तिच्यावर कच्चं तेल घ्यायचं. ते तेल तापवलेलं नसतं, त्यामुळे त्याचा वास थेट नाकाला लागतो आणि चमचाभर पुरतं. ड्रेसिंगमध्ये तेल घालायचं ते याच हिशोबाने, म्हणजे स्वादापुरतं. घट्टपणासाठी नाही.

करडईचं तेलच का?

करडई हे कमी पाण्यावर, रब्बीत येणारं मराठवाड्याचं जुनं पीक. हिवाळ्यात तिच्या कोवळ्या पानांची भाजी होते आणि बियांचं तेल निघतं. परभणीच्या वसंतराव नाईक मराठवाडा कृषी विद्यापीठाने 'परभणी कुसुम'सारखे करडईचे वाण दिले. याच विद्यापीठाचं गळीतधान्य संशोधन केंद्र लातूरला आहे. मधल्या काळात सोयाबीन आणि हरभऱ्याने करडईची बरीच जागा घेतली. काढणीच्या वेळी बोचणारे काटे हेही शेतकऱ्यांनी ती सोडण्यामागचं एक कारण.

करडईच्या नेहमीच्या तेलात साधारण ७० ते ७५ टक्के लिनोलेइक आम्ल असतं. हे ओमेगा-६ गटातलं असंतृप्त मेदाम्ल शरीराला बाहेरूनच घ्यावं लागतं. पण 'करडईचं तेल हृदयाला चांगलं, म्हणून कितीही घाला' हे चूक आहे. कोणतंही तेल घ्या, एका ग्रॅमला ९ किलोकॅलरी ठरलेल्या. घाण्याचं असो की रिफाइंड, त्यात फरक पडत नाही.

फरक पडतो तो स्वादात. घाण्याच्या करडई तेलाला हलका खमंग वास असतो, रिफाइंड तेलाला जवळजवळ काहीच नसतो. ड्रेसिंगमध्ये तेल कच्चंच राहणार असल्यामुळे घाण्याचं घेतलं तर दोन छोट्या चमच्यांत भागतं. हे तेल हवा आणि उजेडाने लवकर खवट होतं. त्यामुळे छोटी बाटली आणावी आणि अंधाऱ्या, थंड जागी ठेवावी. करडई मिळाली नाही तर शेंगदाण्याचं घाण्याचं तेल चालतं.

साहित्य

खालचं प्रमाण चार ते सहा जणांच्या सॅलडला पुरतं.

- अर्धा लिटर टोन्ड दुधाचं ताजं, फार आंबट नसलेलं दही
- घाण्याचं करडई तेल: २ छोटे चमचे
- लिंबाचा रस: १ मोठा चमचा
- भाजलेल्या दाण्याचा अगदी बारीक कूट: १ मोठा चमचा
- मोहरी: अर्धा छोटा चमचा
- लसूण: १ छोटी पाकळी
- मीठ: पाव छोटा चमचा
- मिरपूड: चवीपुरती
- बारीक चिरलेली कोथिंबीर: २ मोठे चमचे

कोथिंबिरीबद्दल एक गोष्ट. लातूरच्या कास्ती कोथिंबिरीला २०२४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. त्याच वेळी लातूर जिल्ह्यातल्या पानचिंचोलीच्या चिंचेला आणि बोरसुरीच्या तूरडाळीलाही ते मिळालं. कास्ती कोथिंबीर हाताशी असेल तर तीच वापरा. तिचा वास तीव्र असतो, त्यामुळे थोडी कमी लागेल.

कृती

१. चक्का करा. दही स्वच्छ मलमलच्या कापडात बांधून दोन ते तीन तास टांगा. उन्हाळ्यात बाहेर टांगू नका, दही आंबतं. त्याऐवजी पातेल्यावर चाळणी ठेवा, तिच्यात कापड अंथरून दही ओता आणि झाकून फ्रिजमध्ये ठेवा. तिथे चार-पाच तास लागतात. दह्याचं साधारण निम्मं वजन उरलं की चक्का झाला.

२. गळलेलं पाणी टाकू नका. ड्रेसिंग सैल करायला त्यातलं थोडं लागणार आहे. उरलेलं धपाट्याच्या किंवा भाकरीच्या पिठात, कढीत किंवा आमटीत वापरता येतं.

३. मोहरी फेसा. मोहरी बारीक कुटून दोन छोटे चमचे साध्या पाण्यात मिसळा, चमच्याने फेटा आणि दहा मिनिटं ठेवा. मोहरीचा झणका कुटल्यावर आणि पाणी लागल्यावर तयार होतो. लिंबू आधीच पिळलं तर तो नीट चढत नाही. त्यामुळे लिंबू नंतर.

४. लसूण मिठाबरोबर ठेचून गुळगुळीत करा. लसणाचे तुकडे राहिले तर एका घासाला काहीच लागत नाही आणि दुसऱ्याला डोळ्यांत पाणी येतं.

५. चक्का भांड्यात घेऊन चमच्याने किंवा हाताच्या फेटणीने गुठळ्या मोडेपर्यंत फेटा. त्यात फेसलेली मोहरी आणि लसूण मिसळा.

६. आता तेल थेंबाथेंबाने घाला आणि फेटत राहा. सगळं तेल एकदम ओतलं तर ते वर तरंगतं. मोहरीच्या सालीतला चिकट अंश आणि चक्क्यातलं प्रथिन मिळून तेलाचे थेंब धरून ठेवतात. बलकाची गरज पडत नाही ती यामुळे.

७. लिंबाचा रस, कूट, मिरपूड आणि कोथिंबीर घाला. दह्याचं गळलेलं पाणी एकेक चमचा घालत हवं तेवढं सैल करा. दोन ते तीन चमचे पुरतात.

८. दहा-पंधरा मिनिटं फ्रिजमध्ये ठेवा. कूट फुगतो, ड्रेसिंग थोडं आळतं आणि लसणाचा उग्रपणा सगळीकडे सारखा पसरतो. चव घेऊन मीठ लागलं तरच वाढवा.

कॅलरीचा हिशोब कसा बसतो?

वरच्या प्रमाणात अर्धा लिटर टोन्ड दुधातलं फॅट साधारण १५ ग्रॅम, तेलाचं ९ ग्रॅम आणि कुटाचं ५ ग्रॅम. एकूण २९ ग्रॅमच्या आसपास. तयार ड्रेसिंग भरतं साधारण २८० ग्रॅम. म्हणजे एका मोठ्या चमच्याला (१५ ग्रॅम) दीड ग्रॅम फॅट आणि सुमारे २० किलोकॅलरी. तेवढ्याच पारंपरिक मेयोनीजमध्ये १० ते ११ ग्रॅम फॅट आणि १०० च्या आसपास किलोकॅलरी असतात. म्हणजे फॅट सातव्या हिश्शाने, कॅलरी पाचव्या हिश्शाने.

दूध कोणतं, यावर हे बदलतं. टोन्ड दुधात किमान ३ टक्के फॅट असतं, डबल टोन्डमध्ये दीड, फुल क्रीममध्ये ६. म्हशीच्या दुधातही ६ टक्क्यांच्या वरच असतं. मराठवाडी म्हैस ही या भागाची स्वतःची जात. गायींमध्ये लातूर जिल्ह्यातल्या देवणीच्या नावाची देवणी आणि नांदेडच्या कंधारच्या नावाची लाल कंधारी. घरी म्हशीचं दूध येत असेल तर चक्का अधिक दाट होतो, पण एका चमच्याला ३० च्या आसपास किलोकॅलरी पडतात. तरीही हा आकडा मेयोनीजच्या तिसऱ्या हिश्शाइतकाच आहे. हवं तर दूध तापवून वरची साय काढून विरजण लावा.

एक सावधगिरी. हलकं आहे म्हणून वाटीभर घातलं तर हिशोब पुन्हा तिथेच जातो. एका माणसाच्या सॅलडला दोन मोठे चमचे भरपूर झाले.

बिघडलं तर काय करायचं?

*पातळ झालं:* बहुतेक वेळा मिक्सरमुळे. चक्का मिक्सरमध्ये जोरात फिरवला की प्रथिनाची जाळी तुटते आणि पाणी सुटतं. मिक्सर टाळा. झालंच असेल तर आणखी एक चमचा कूट घालून पंधरा मिनिटं थांबा.

*सॅलडवर घातल्यावर पाणी झालं:* दोष ड्रेसिंगचा नाही, काकडीचा आहे. मीठ लागलं की काकडी, टोमॅटो, मुळा पाणी सोडतात. म्हणून भाज्या धुऊन नीट कोरड्या करा आणि ड्रेसिंग वाढण्याच्या आधी पाच मिनिटं घाला. डब्यात न्यायचं असेल तर वेगळ्या डबीत न्या.

*फार आंबट झालं:* दही जुनं होतं. लिंबू वगळा आणि चिमूटभर साखर किंवा थोडं किसलेलं गाजर घाला.

*कडवट लागतं:* मोहरी जास्त झाली किंवा दाणे करपले. दाणे मंद आचेवर भाजून, साल काढून मगच कूट करा.

*दही नीट लागतच नाही:* दूध चांगलं उकळून घ्या. उकळल्यामुळे दुधातली इतर प्रथिनंही केसिनच्या जाळीत सामील होतात आणि दही घट्ट लागतं.

दही चालत नसेल तर?

दुधाचे पदार्थ न खाणाऱ्यांसाठी दोन पर्याय आहेत.

फुटाण्याच्या डाळीचं ड्रेसिंग: चार मोठे चमचे फुटाण्याची डाळ मिक्सरमध्ये पीठ होईपर्यंत दळा. त्यात अर्धी वाटी पाणी, एका लिंबाचा रस, लसूण, हिरवी मिरची, कोथिंबीर, मीठ आणि दोन छोटे चमचे तेल घालून पुन्हा फिरवा. इडलीबरोबरच्या चटणीसारखंच, फक्त सैल आणि गुळगुळीत. ही डाळ पाणी शोषत राहते. त्यामुळे तासाभराने ड्रेसिंग घट्ट झालं तर घाबरू नका, थोडं पाणी घाला. एका मोठ्या चमच्याला कॅलरी चक्क्याच्या ड्रेसिंगइतक्याच पडतात.

दाणे आणि चिंचेचं ड्रेसिंग: ५० ग्रॅम भाजलेले, सोललेले दाणे, अर्धी वाटी पाणी, दोन मोठे चमचे चिंचेचा कोळ, थोडा गूळ, लसूण, लाल तिखट आणि मीठ. सगळं मिक्सरमध्ये लोण्यासारखं होईपर्यंत फिरवा. इथे वरून तेल अजिबात नको, कारण दाण्यात निम्म्याच्या आसपास तेल असतंच. चमच्याला साधारण २५ किलोकॅलरी. कोबी, गाजर आणि मोड आलेल्या मटकीवर हे छान लागतं.

कशावर घालायचं?

लेट्यूस आणि चेरी टोमॅटो मिळाले नाहीत म्हणून काही अडत नाही. काकडी, गाजर, कोबी, बीट, मुळा, उकडलेलं रताळं, मोड आलेली मटकी, उकडलेले हरभरे यातलं कुठलंही चालतं. हिवाळ्यात ज्वारीचा हुरडा निघतो तेव्हा भाजलेला हुरडा, कांदा आणि कोथिंबिरीवर दोन चमचे चक्क्याचं ड्रेसिंग घालून बघा. एरवी ज्वारी रात्रभर भिजवून कुकरला शिजवून घेता येते.

दह्याचं पाणी न घालता ड्रेसिंग घट्टच ठेवलं, तर सँडविचला लावायला मेयोनीजच्या जागी चालतं आणि धपाट्याबरोबरही जातं.

किती दिवस टिकतं?

कोरड्या, झाकण असलेल्या काचेच्या बरणीत भरून फ्रिजमध्ये ४ अंश सेल्सिअस किंवा त्याहून कमी तापमानाला ठेवलं, तर दोन ते तीन दिवस. दरवेळी कोरडा, स्वच्छ चमचा वापरा. त्यात कच्चा लसूण आणि कोथिंबीर असल्यामुळे आठवडाभर ठेवायचा मोह टाळा.

फ्रिजबाहेर असे पदार्थ दोन तासांपेक्षा जास्त ठेवू नयेत, हा सर्वसाधारण नियम. बाहेरचं तापमान ३२ अंशांच्या वर असेल तर एकच तास. मराठवाड्यात वर्षातले कित्येक महिने दुपारी हा 'एक तासा'चाच नियम लागू होतो. उन्हाळ्यात वीज बराच वेळ गेली आणि फ्रिज गार राहिला नाही, तर उरलेलं ड्रेसिंग टाकून द्या. वास ठीक आहे म्हणून ते सुरक्षित आहे, असं नसतं.

हे सगळं भाज्यांनाही लागू आहे. कच्च्या खायच्या भाज्या पिण्याच्या पाण्याने धुवा. ड्रेसिंग कितीही जपून केलं आणि कोथिंबिरीला माती तशीच राहिली, तर उपयोग नाही.

विकतचं घ्यायचंच असेल तर लेबलवर काय बघायचं?

पुढच्या बाजूला 'लाइट', 'एगलेस', 'ऑलिव्ह ऑइल' असं काय काय लिहिलेलं असतं. ते सोडा आणि बाटली फिरवून मागची बाजू वाचा.

पहिलं, घटकांची यादी. घटक वजनाच्या उतरत्या क्रमाने लिहिलेले असतात. पहिलाच घटक खाद्यतेल असेल तर सर्वांत जास्त तेच आहे. 'एगलेस' म्हणजे अंडं नाही एवढंच. तेल कमी आहे, असा त्याचा अर्थ होत नाही.

दुसरं, पोषणाचा तक्ता. १०० ग्रॅममध्ये फॅट किती, हे त्यात असतं. भारतीय अन्न सुरक्षा आणि मानके प्राधिकरणाच्या नियमांनुसार घन पदार्थावर 'लो फॅट' लिहायचं असेल तर १०० ग्रॅममध्ये ३ ग्रॅमपेक्षा जास्त फॅट चालत नाही. घरचं चक्क्याचं ड्रेसिंगसुद्धा या व्याख्येत बसत नाही, त्यात १० ग्रॅमच्या आसपास आहे. म्हणून त्याला 'लो फॅट' म्हणण्यापेक्षा 'मेयोनीजपेक्षा बरंच हलकं' म्हणणं खरं ठरेल.

तिसरं, मीठ आणि साखर. तेल कमी केल्यावर चव भरून काढायला अनेकदा हे दोन वाढवले जातात. जागतिक आरोग्य संघटनेच्या सल्ल्यानुसार दिवसभरात मीठ ५ ग्रॅमच्या आत हवं, म्हणजे एक छोटा चमचा. त्यात लोणचं, पापड आणि चटणी आपल्याकडे आधीच हजर असतात.

कुणी जपून खावं?

शेंगदाण्याची अ‍ॅलर्जी असेल तर कूट वगळा, त्याऐवजी फुटाण्याच्या डाळीचं पीठ घाला. चक्क्यातून पाण्याबरोबर काही लॅक्टोज निघून जातं, पण सगळं नाही. दूध अजिबात न पचणाऱ्यांनी दुसरे पर्याय वापरावेत. मूत्रपिंडाचा आजार असणाऱ्यांना प्रथिनांचं आणि मिठाचं प्रमाण डॉक्टर ठरवून देतात, त्यांनी आधी विचारून घ्यावं. मधुमेह असेल तर चिंचेच्या ड्रेसिंगमधला गूळ टाळावा.

थोडक्यात

मेयोनीजचा घट्टपणा तेलाच्या गर्दीतून येतो, चक्क्याचा प्रथिनाच्या जाळीतून. कूट पाणी धरतो, मोहरी तेलाला धरते, लिंबू चव उजळतं आणि कच्चं करडईचं तेल चमचाभरात वास देतं. कोशिंबीर आणि पचडीमध्ये यातली बहुतेक कामं घरोघरी आधीपासून होत आली आहेत. आता ती बरणीत भरून फ्रिजमध्ये ठेवायची, एवढाच फरक.

पहिल्यांदा करताना निम्म्या प्रमाणात करा. आज रात्री जेवणं झाल्यावर दही फ्रिजमध्ये चाळणीवर ओतून ठेवलं, तर उद्या सकाळच्या डब्यात ड्रेसिंग जाऊ शकतं. चक्का रात्रभरात थोडा जास्त घट्ट होईल, तेवढं दह्याचं पाणी एखादा चमचा जास्त घाला.